शेतकरी आमदार कोणाला बांधील?

नाशिक जिल्ह्यात विधानसभेचे १५ मतदारसंघ आहेत आणि शहरी भागातले सोडले तर बाकीच्या ठिकाणी आपण शेतकरी असल्याचे सांगितल्याशिवाय कोणाही उमेदवाराचा प्रचार सुरू होत नाही. प्रतिज्ञापत्रात व्यवसायापुढे ‘शेती’ किंवा ‘शेती व व्यवसाय’ असे लिहिलेले असते, सभेत द्राक्षबागेचा आणि कांद्याचा उल्लेख होतो, आणि ऐकणाऱ्याला तो खोटा वाटत नाही, कारण बहुतेकदा तो खोटा नसतोच. या मंडळींच्या घरी शेती असते, सातबाऱ्यावर नाव असते, रात्रीच्या विजेवर पिकाला पाणी दिल्याचा अनुभवही अनेकांच्या गाठीशी असतो. त्यामुळे अमुक आमदार खरा शेतकरी आहे की नाही, या वादात मला फारसे तथ्य वाटत नाही. आमदार झाल्यानंतर त्याला जाब विचारू शकेल, प्रसंगी घरी बसवू शकेल अशी शेतकऱ्यांची संस्था त्याच्या मागे गावात उरते का, हे पाहणे अधिक उपयोगाचे आहे. माझ्या मते अशा संस्था आज फारशा उरलेल्या नाहीत, आणि जिल्ह्याने इतके शेतकरी विधानसभेत पाठवूनही शेतमालाच्या भावाबाबत त्यांचा आवाज क्षीण राहण्याचे मोठे कारण तिथे आहे.

शेतकऱ्याने राजकारणात वर चढण्याचा जुना मार्ग ठरलेला होता. गावच्या विविध कार्यकारी सोसायटीचा चेअरमन, मग सरपंच, मग बाजार समितीचा किंवा साखर कारखान्याचा संचालक, जिल्हा बँकेवर वर्णी, झेडपीचा गट, आणि एवढे पदरात पडल्यावर विधानसभेचे तिकीट. १९६० चा सहकारी संस्था कायदा, १९६१ चा जिल्हा परिषद व पंचायत समिती कायदा आणि १९६३ चा बाजार समिती कायदा, अशा तीन कायद्यांनी राज्य स्थापन झाल्यापासून चार वर्षांच्या आत हा मार्ग बांधून काढला. त्याचा एक गुण आज सहज विसरला जातो. सोसायटीच्या चेअरमनला पीककर्जाच्या वाटपापासून वसुलीपर्यंत रोज त्याच माणसांना तोंड द्यावे लागे. कारखान्याच्या संचालकाला वार्षिक सभेत उसाच्या भावावरून आणि काट्यावरून उभे-आडवे घेतले जाई. ताळेबंद वाचायला, थकबाकी ओळखायला आणि नाराज सभासदाची समजूत घालायला तो तिथेच शिकत असे. मुंबईला जाईपर्यंत त्याचे बरेवाईट सगळे तालुक्याला ठाऊक झालेले असे.

या मार्गाच्याही आधीच्या पिढीत मालेगाव परिसरातले भाऊसाहेब हिरे येतात. मुंबई राज्यात महसूलमंत्री असताना त्यांचे नाव कुळकायद्याशी जोडले गेले. मूळ कायदा १९४८ चा. पण १९५६ च्या दुरुस्तीने तो खऱ्या अर्थाने धारदार झाला आणि १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन ठरून कसणारी कुळे कायद्याने जमिनीची मालक मानली गेली. शेतकरी समाजातून आलेल्या प्रांतिक पुढाऱ्याने राज्याच्या अधिकारात असलेली गोष्ट हाती घेऊन गावचे संबंध बदलले, याचे याहून मोठे उदाहरण या जिल्ह्यात मला दिसत नाही. १९५६ मध्ये द्विभाषिक राज्याच्या नेतृत्वासाठी ते यशवंतराव चव्हाणांच्या विरोधात उभे राहिले आणि हरले. त्यांच्या घराण्यात पुढच्या पिढ्यांतही मंत्रिपदे आली, मात्र कुळकायद्याच्या तोडीचे काही त्यांतून उभे राहिल्याचे आठवत नाही. एका पिढीने जमिनीच्या प्रश्नावर मिळवलेली पुण्याई पुढच्या पिढ्यांना निवडणुकीच्या भांडवलासारखी वापरता येते, ही आपल्याकडची जुनी रीत आहे.

परंतु हा मार्ग सर्वांसाठी खुला नव्हता, हेही स्पष्टपणे म्हटले पाहिजे. ज्याच्याकडे जमीन त्याच्याकडे सोसायटीचे सभासदत्व, आणि ज्याच्याकडे सभासदत्व त्याच्याकडे पुढच्या सगळ्या पायऱ्या. ज्यांच्या नावावर गुंठाही नव्हता त्यांना दुसऱ्या दाराने यावे लागले. दिंडोरी तालुक्यातल्या आंबे गावचे कर्मवीर दादासाहेब गायकवाड १९३७ मध्ये मुंबई विधिमंडळात गेले, १९५७ मध्ये नाशिकमधून लोकसभेत गेले, आणि १९५९ मध्ये व पुन्हा १९६४-६५ मध्ये भूमिहीनांचे सत्याग्रह त्यांनी चालवले. सभागृहात जागा असूनही त्यांची खरी ताकद बाहेर, तुरुंग भरणाऱ्या माणसांत होती. सुरगाणा-कळवण भागातून अनेकदा निवडून आलेले मार्क्सवादी कम्युनिस्ट पक्षाचे जे. पी. गावित यांच्या बाबतीतही हेच दिसते. मार्च २०१८ मध्ये नाशिकहून मुंबईपर्यंत सुमारे १८० किलोमीटर चालत गेलेल्या किसान मोर्चाच्या वेळी ते विद्यमान आमदार होते, आणि तरीही वनहक्काच्या दाव्यांवर सरकारला लेखी आश्वासन द्यायला लावले ते विधानसभेतल्या एका मताने नव्हे, तर पायांना फोड आलेल्या हजारो आदिवासी शेतकऱ्यांनी. त्यांच्या पक्षाशी माझे मतभेद बरेच आहेत. पण आमदार आणि त्याच्या मागची संघटना यांचा संबंध कसा असावा याचा नमुना म्हणून या मोर्चाकडे पाहावेच लागते.

सातबाऱ्यावर नाव नसलेल्यांत बायकाही येतात. नोव्हेंबर १९८६ मध्ये चांदवडला शेतकरी संघटनेचे महिला अधिवेशन भरले आणि शेतात राबणाऱ्या बाईचा मालमत्तेतला व सत्तेतला वाटा हा विषय तिथे जाहीरपणे मांडला गेला. त्यानंतर स्थानिक संस्थांत निम्म्या जागा राखीव झाल्या. सोसायट्या आणि बाजार समित्यांच्या सत्तेत मात्र बायका अजूनही मोजक्याच आहेत.

ज्या संघटनेने हे अधिवेशन भरवले तिचा पाया याच जिल्ह्यात पक्का झाला. १० नोव्हेंबर १९८० पासून कांदा आणि उसाच्या भावासाठी नाशिक जिल्ह्यात रस्ता आणि रेल्वे अडवण्याचे आंदोलन झाले. उसाला टनाला ३०० रुपये ही मागणी होती, संघटनेचे संस्थापक शरद जोशी आणि पिंपळगाव बसवंतचे माधवराव मोरे त्याच्या अग्रभागी होते, खेरवाडीला गोळीबार होऊन शेतकरी मृत्युमुखी पडले. ‘भीक नको, हवे घामाचे दाम’ ही घोषणा तेव्हाची. या आंदोलनाने शेतकरी पुढाऱ्याच्या ठरलेल्या मार्गालाच आव्हान दिले, कारण कारखान्याच्या संचालकालाच भावाचा जाब विचारला जाऊ लागला आणि तो संचालक बहुतेकदा सत्ताधारी पक्षाचा आमदार किंवा त्याचा माणूस असे. सुरुवातीला जोशींनी निवडणुकीच्या राजकारणापासून अंतर राखले. पुढे १९९४ मध्ये त्यांनी स्वतंत्र भारत पक्ष काढला आणि २००४ ते २०१० या काळात ते राज्यसभेत होते. मतपेटीत मात्र संघटनेला तिच्या मोर्चांइतके बळ कधीच मिळाले नाही. कांद्याच्या भावासाठी रुळांवर बसणारा शेतकरी मतदानाच्या दिवशी जात, भावकी, पक्ष आणि पाटपाणी यांचा विचार करून मत देतो, यात त्याचा मूर्खपणा नाही. भावासाठी त्याला संघटना हवी असते आणि तहसील कचेरीतल्या कामासाठी आमदार हवा असतो; ही दोन कामे वेगवेगळ्या माणसांची आहेत हे त्याने ओळखलेले असते.

आंदोलनातून आलेला माणूस सत्तेत बसला की काय होते, हे पश्चिम महाराष्ट्रात अधिक ठळकपणे दिसले. राजू शेट्टी २००२ मध्ये जिल्हा परिषद, २००४ मध्ये विधानसभा आणि २००९ मध्ये लोकसभा असे चढत गेले. त्यांचे सहकारी सदाभाऊ खोत २०१६ मध्ये कृषी राज्यमंत्री झाले, आणि २०१७ मध्ये शेट्टींच्या स्वाभिमानी शेतकरी संघटनेने त्यांना बाहेर काढले. कोण बरोबर होते यात शिरण्याची इथे गरज नाही. मंत्री झालेल्याने संघटनेचे ऐकायचे की मंत्रिमंडळाचे, हा पेच मात्र खरा होता.

हा पेच आपल्यापुरता नाही. कॅनडातल्या ओंटारिओ प्रांतात १९१९ च्या निवडणुकीत ‘युनायटेड फार्मर्स ऑफ ओंटारिओ’ या शेतकऱ्यांच्या संघटनेला प्रांतिक विधिमंडळात सर्वाधिक जागा मिळाल्या आणि मजूर प्रतिनिधींच्या मदतीने तिने सरकार बनवले. मुख्यमंत्री झालेले अर्नेस्ट ड्रुरी हे बॅरी गावाजवळ शेती करणारे गृहस्थ. त्यांनी ती निवडणूक लढवलीही नव्हती, नंतर पोटनिवडणुकीतून ते सभागृहात आले. त्यांच्या सरकारने शेतकऱ्यांना कर्ज देण्यासाठी प्रांताची बचत-पेढी काढण्यासारखी चांगली कामे केली. पण लवकरच ड्रुरींना वाटू लागले की पक्षाची दारे सर्व थरांतील लोकांना उघडावीत, आणि संघटनेचे सचिव जे. जे. मॉरिसन यांना वाटत होते की आमदारांनी शेतकऱ्यांचा गट म्हणूनच राहावे व संघटनेला उत्तरदायी असावे. या भांडणात दोघेही दुबळे झाले आणि १९२३ च्या निवडणुकीत सरकार गेले. मला यात मॉरिसनची बाजू अधिक समजते, तरी ड्रुरींची अडचणही खोटी नव्हती: प्रांत चालवणाऱ्याला केवळ एका धंद्याच्या माणसांपुरते पाहता येत नाही. त्यातच शेतकऱ्याला सलणारे परदेशी मालावरील जकातीचे धोरण देशाच्या राजधानीत, ओटावात ठरत होते, प्रांताच्या राजधानीत, टोरांटोत नाही.

नाशिकच्या शेतकऱ्याला हे शेवटचे वाक्य समजावून सांगावे लागणार नाही. आपल्या राज्यघटनेत शेती हा राज्याचा विषय आहे. परदेशी व्यापार आणि सीमाशुल्क मात्र केंद्राच्या सूचीत आहेत, आणि अन्नधान्याचा व्यापार १९५४ च्या तिसऱ्या घटनादुरुस्तीने समवर्ती सूचीत बसला आहे. म्हणजे कांदा पिकवेपर्यंतचा विषय मुंबईचा आणि विकण्याचा विषय बऱ्याच अंशी दिल्लीचा. १९ ऑगस्ट २०२३ रोजी कांद्यावर ४० टक्के निर्यातशुल्क लागले आणि लासलगाव-पिंपळगावचे लिलाव बंद पडले. ऑक्टोबर अखेरीस टनाला ८०० डॉलर किमान निर्यातमूल्य आले, ८ डिसेंबरला थेट बंदी. बंदी ४ मे २०२४ रोजी उठली ती ५५० डॉलरच्या किमान मूल्यासह आणि ४० टक्के शुल्क लावून. सप्टेंबरमध्ये शुल्क २० टक्क्यांवर आले आणि १ एप्रिल २०२५ पासून ते पूर्ण गेले. या सगळ्यात महाराष्ट्र विधानसभेच्या २८८ सदस्यांपैकी एकाचेही मत घेण्याची कायद्याने गरज नव्हती. गेल्या काही वर्षांत या जिल्ह्याने राज्याला दोन कृषिमंत्री दिले, मालेगाव बाह्यचे दादा भुसे आणि सिन्नरचे माणिकराव कोकाटे. पहिल्यांच्या कारकिर्दीत, सप्टेंबर २०२० मध्ये, निर्यातबंदी आली आणि दुसऱ्यांच्या कारकिर्दीत शुल्क उठले. दोन्ही वेळा निर्णय दिल्लीचा होता. दोष देणे किंवा श्रेय देणे, दोन्ही तितकेच निरर्थक.

मतदारालाही हे कळते, असे २०२४ चे निकाल पाहून म्हणता येईल. लोकसभेला दिंडोरीत केंद्रात राज्यमंत्री असलेल्या भारती पवार पडल्या, नाशिकची जागाही सत्ताधाऱ्यांनी गमावली. आणि सहाच महिन्यांनी विधानसभेला जिल्ह्यातल्या १५ पैकी १४ जागा महायुतीला मिळाल्या. मधल्या काळात महिलांच्या खात्यात आलेले पैसे आणि इतर अनेक कारणे होती, पण कांद्याचा राग ज्या सभागृहावर काढायचा त्यावर तो काढून झाला होता, हेही त्यांतले एक असावे.

मग राज्याच्या आमदाराने करायचे काय? व्यवहारात त्याने निवडलेला मार्ग म्हणजे अनुदान आणि निधी. २०२३ च्या मार्चमध्ये भाव कोसळले, दिंडोरीहून पुन्हा मोर्चा निघाला, आणि सरकारने क्विंटलला ३५० रुपये, तेही शेतकऱ्यामागे २०० क्विंटलच्या मर्यादेत, जाहीर केले. त्यातही सातबाऱ्यावर ई-पीक पाहणीची नोंद नसलेल्यांची अडचण झाली. नुकसान झालेल्याला तातडीची मदत द्यायला कोणाचीच हरकत नसावी. पण आमदाराची सारी कर्तबगारी अशा मदतीवर आणि रस्ते, सभामंडप, सांस्कृतिक भवन यांच्या मंजुरीवर मोजली जाऊ लागली की तो शेतकऱ्यांचा प्रतिनिधी राहत नाही, मंत्रालय आणि तालुका यांच्यामधला दलाल होतो, आणि दलालाला सत्तेच्या बाहेर राहून चालत नाही. आपल्याकडे ‘मतदारसंघाच्या विकासासाठी’ जी पक्षांतरे होतात त्यांचा हिशेब इथे लागतो. आमदाराला मागे ओढणारी सोसायटी नाही, कारखाना नाही, संघटना नाही. निधी तेवढा आहे, आणि निधी सत्तेकडे असतो.

त्या संस्थांचे काय झाले, हे जिल्ह्यातल्या प्रत्येकाला माहीत आहे. निफाड, नाशिक, वसंतदादा, गिरणा, रानवड: एकेक कारखाना कर्जात बुडाला, बंद पडला, भाड्याने गेला किंवा विकला गेला, दिंडोरीचा कादवा सहकारात टिकून आहे हे कौतुकाने सांगावे लागते. जिल्हा बँकेवर वर्षानुवर्षे आजी-माजी आमदारांचा वरचष्मा राहिला आणि शेवटी ती प्रशासकाच्या हाती गेली; नोटाबंदीनंतर तिची जी कोंडी झाली तिचा फटका ठेवीदारांना बसला, आणि थकीत कर्जासाठी जमिनींच्या लिलावाच्या नोटिसा लागल्या त्या लहान शेतकऱ्यांच्या दारावर. जिल्हा परिषदेची मुदत मार्च २०२२ मध्ये संपली आणि त्यानंतर तीन वर्षांहून अधिक काळ तिथे प्रशासक राहिला. नवा कार्यकर्ता जिथे पहिल्यांदा निवडून येई, अधिकाऱ्याशी भांडायला शिके आणि पुढे आमदाराला आव्हान देई, ती जागाच बंद झाली. याचा फायदा कोणाला, हे वेगळे सांगायला नको. विद्यमान आमदाराला तालुक्यात दुसरा निवडून आलेला माणूसच उरला नाही.

यावर कोणी म्हणेल की जुन्या सहकाराची ही वकिली कशाला. तिथे घराणेशाही होती, एका जातीचे वर्चस्व होते, कारखाने संचालकांनीच खाल्ले. हे सारे मान्य आहे, आणि म्हणून ते जसेच्या तसे परत आणा असे मी म्हणत नाही. पण संचालकांनी कारखाने खाल्ले याचा अर्थ सभासदांनी हिशेब मागण्याची सवय सोडली, असाही होतो. ज्या ठिकाणी ती सवय टिकली तिथे सहकारही टिकला. ओझर परिसरात १९९० च्या सुमारास वाघाड प्रकल्पाच्या कालव्यावर पाणीवापर संस्था स्थापन झाल्या आणि पुढे साऱ्या प्रकल्पाचे पाणीवाटप शेतकऱ्यांनी स्वतःकडे घेतले. पाणी मोजून घ्यायचे, मोजून वाटायचे, पट्टी वेळेवर भरायची आणि कालव्याच्या शेवटच्या शेतकऱ्याला आधी पाणी द्यायचे, असा तिथला शिरस्ता आहे. राज्याने २००५ मध्ये सिंचन व्यवस्थापनाचा जो कायदा केला त्याच्यामागे अशा अनुभवांचे बळ होते. या संस्थांच्या अध्यक्षाला भाषण येत नसले तरी चालते, किती पाणी आले आणि कुठे गेले ते त्याला सांगता आले पाहिजे. दिंडोरीजवळ मोहाडीला उभी राहिलेली सह्याद्री फार्म्स ही शेतकरी उत्पादक कंपनीही याच भागातली. कर्तबगार तरुण शेतकरी आज निवडणुकीऐवजी तिकडे वळतो, हे चांगलेच आहे. मात्र त्यामुळे राजकारण जमिनीचे व्यवहार आणि ठेकेदारी करणाऱ्यांसाठी मोकळे पडते, ही त्याची दुसरी बाजू.

निर्यात दिल्लीच्या हाती असली तरी बाजार समिती, सहकारी पतपुरवठा, साठवणूक, वीज आणि स्थानिक निवडणुका राज्याच्या हाती आहेत. इथे आमदाराला ‘केंद्राचा विषय’ म्हणून हात झटकता येत नाहीत. लासलगावची बाजार समिती १९४७ पासून आहे आणि देशाच्या कांद्याचा भाव तिच्या आवारात बोलला जातो. पण तिथे ट्रॅक्टर घेऊन येणाऱ्या सामान्य शेतकऱ्याला तिच्या संचालकांच्या निवडणुकीत थेट मत नाही. मत आहे ते सोसायट्यांच्या संचालकांना, ग्रामपंचायत सदस्यांना, व्यापाऱ्यांना आणि हमाल-मापाऱ्यांना. २०१७ मध्ये किमान १० गुंठे जमीन असलेल्या शेतकऱ्याला हा अधिकार देण्यात आला होता. २०२० मध्ये तो काढून घेण्यात आला. खर्चाचे कारण पुढे केले गेले, आणि मतदारयादी मोठी झाली की खर्च वाढतो हे खरेच आहे. पण थोडक्या मतदारांच्या निवडणुकीतही खर्च होतोच. तो समितीच्या हिशेबात दिसत नाही एवढेच. सहलीच्या बसगाड्या आणि हॉटेलांची बिले कोण भरतो हे तालुक्याला ठाऊक असते.

म्हणून पुढच्या वेळी मत मागायला येणाऱ्या शेतकरी उमेदवाराला कांद्याच्या भावाचे आश्वासन विचारण्यात अर्थ नाही; ते देणे त्याच्या हाती नाही आणि तो ते देईलच. त्याला तीन गोष्टी विचारता येतील. बाजार समितीत शेतकऱ्याचे मत परत आणणारे विधेयक तो सभागृहात मांडील का, पक्षाने नको म्हटले तरी. आमदार झाल्यावर बँक, बाजार समिती आणि कारखाना यांवरची आपली आणि आपल्या घरातल्यांची पदे तो सोडील का. आणि कांद्यावर शुल्क किंवा बंदी आणण्याआधी उत्पादक राज्याला पूर्वसूचना मिळावी, असा ठराव विधानसभेत आला तर दिल्लीत कोणाचे सरकार आहे हे न पाहता तो त्याच्या बाजूने उभा राहील का. तिसऱ्या प्रश्नाला सगळेच होकार देतील, कारण ठरावाला पैसे पडत नाहीत. पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरे मात्र गावच्या सोसायटीच्या सभेत, सचिवासमोर, कागदावर घ्यावीत.